डावा डोळा

एकतीस वर्षं मी त्यांच्यासाठी उजेड धरला.
म्हणजे थर्माकोल. कधी चांदीचा कागद चिकटवलेला पुठ्ठा,
एकदा तर रावपुऱ्यातल्या लग्नात
वाढप्याच्या हातून ओढून घेतलेली परात.
श्रेयनामावलीत मी शेवटून तिसरा,
तोही चुकीच्या आडनावाने.

दिगंबर फणसे काय काय टिपत गेले:
डेअरीच्या माहितीपटात दुधाची धार
(दिव्यांच्या धगीनं दूध फाटलं, मग चुना कालवला),
पौराणिकात जटेतून उतरणारी गंगा
(वर गच्चीत टाकी, टाकीपाशी मी),
रिफायनरीच्या चिमणीमागचा सूर्य,
आणि एका निवडणुकीत दोन्ही उमेदवारांचं हसू
एकाच दुपारी, एकाच पडद्यासमोर.
तुमची शैली कोणती, असं कुणीतरी विचारलं.
म्हणाले, समोरच्याचं नाक कसं आहे त्यावर.

स्वतःचे म्हणून तीनच.
पहिला दांडिया बाजारातल्या एका शिंप्याचा.
सातव्या दिवशी थिएटरात आम्ही दोघं
आणि मध्यंतरात वेफर विकणारा पोरगा,
तो मात्र शेवटपर्यंत बसला.
दुसरा डब्यातच राहिला;
झाकण उघडलं की जुन्या लोणच्यासारखा वास येतो.

तिसरा विश्वामित्रीचा.
पूर ओसरतो, एका बाईला मोरीत मगर सापडते,
आणि चार दिवस ती कुणाला सांगत नाही.
एवढीच गोष्ट.
पहाटे आम्ही पुलाखाली चिखलात बसायचो,
ते आयपीसला डोळा लावून, मी छातीशी थर्माकोल घेऊन.
मगरी आमच्याकडे बघत असाव्यात.
चाल ने, एवढाच प्रकाश पुरे, असं ते त्यांना म्हणत.

मग मुंबईच्या त्या थंड, काळोख्या खोलीत
रंग दुरुस्त करणारा पोरगा
आणि त्याच्यामागे फणसे.
अजून निळं. अजून थोडं. पिवळं फार आहे रे.
पोरगा माझ्याकडे बघायचा.
बाईची साडी केशरी होती,
मंगळ बाजारातून मीच घासाघीस करून आणलेली.
पडद्यावर ती चुलीतल्या राखेसारखी झाली.
मी बोललो नाही.
ज्यानं एकतीस वर्षं मला सांगितलं
डावीकडे, जरा वर, हं, बस,
त्याला कसं सांगायचं, की तुम्हाला दिसत नाहीये?

चित्रपटाला बक्षीस मिळालं.
पुराचं शोकमग्न निळेपण, असं कुणी लिहिलं.
फाइन आर्ट्सच्या मुलांनी त्यावर अख्खा दिवस चर्चा केली.
शाल गुडघ्यांवर घेऊन फणसे ऐकत राहिले,
मधेच माझ्या कानाशी आले:
ही मुलं कोणत्या निळ्याबद्दल बोलतायत?

फतेगंजच्या डॉक्टरीणबाईंनी मोतीबिंदू काढला.
आधी उजवा. कॅमेऱ्याचा.
पट्टी सुटली, रिक्षात बसलो,
सुरसागरपाशी त्यांनी रिक्षा थांबवायला लावली.
पाण्याकडे बोट.
हे केव्हापासून असं आहे?

रात्री त्यांनी तिसरा चित्रपट लावला.
दहा मिनिटं गप्प.
मग उजव्यावर तळहात ठेवला: साडी केशरी.
डाव्यावर ठेवला: राख.
पुन्हा उजव्यावर. पुन्हा डाव्यावर.
लहान मूल बोटाआडून चंद्र हलवतं तसं.

तुला दिसत होतं?
हो.
पुढचं काही त्यांनी विचारलं नाही.
मगर मोरीतून बाहेर येते तो शॉट होता,
तेवढा मात्र आम्ही दोघांनी पूर्ण पाहिला.

दुसऱ्या डोळ्याची तारीख महिन्यानंतरची होती.
मी फोन करून रद्द केली, त्यांच्या सांगण्यावरून.
डॉक्टरीणबाई चिडल्या.
आता पेपर ते उजव्यानं वाचतात,
औषधांच्या बाटल्या, लाइटबिल, माणसं, सगळं उजव्यानं.
क्वचित संध्याकाळी ऊन खिडकीत तिरकं येतं
तेव्हा उजवा मिटून घेतात
आणि मला म्हणतात, जरा तिथे उभा राहा.

मी उभा राहतो. हात रिकामे,
तरी आपोआप
छातीपर्यंत वर येतात.